वास नसलेलं तेल घेऊन केळापूरला

तुमच्यापैकी कोणी केळापूरला गेलं असेल असं मला वाटत नाही. गेला असाल तर बस चुकली म्हणून गेला असाल. मी मात्र तेलाचे दोन डबे घेऊन मुद्दाम गेलो. परत आल्यापासून ही हकीकत मी घरी, कॉलेजात आणि न्हाव्याकडे सांगत आलो आहे, म्हणजे ऐकणाऱ्याला पळून जाता येत नाही अशा सगळ्या ठिकाणी. आता तुमची पाळी.

आधी डब्यांबद्दल. मी मुंबईत रसायन अभियांत्रिकी शिकवतो. हा काय उद्योग आहे ते माझ्या आईला शेवटपर्यंत उमजलं नाही. शेजारणींना ती सांगायची, "तो कॉलेजात काहीतरी उकळतो." माझ्या कामाचं इतकं नेमकं वर्णन पुढे कोणत्याही परीक्षकाने केलं नाही. विलायतेत तीन वर्षं थंडीत कुडकुडून मी जो प्रबंध लिहिला, त्याचा विषय होता तेलाचा वास कसा घालवावा. तेल तापवायचं, हवा काढून घेतलेल्या भांड्यात त्याच्यातून वाफ सोडायची, जाताना वाफ वास घेऊन जाते. एवढ्यावर माणसाला डॉक्टर म्हणतात. बोटीवरून उतरताना मला वाटलं होतं की देश माझी वाट बघत असेल. देश जेवत होता, आणि त्याला तेलाचा वास आवडत होता.

मग मी शिकवायला लागलो. रोज सकाळी फळ्यावर अवाढव्य कारखाने उभे करतो आणि तास संपला की पुसून टाकतो. माझ्याइतके कारखाने बंद पाडणारा माणूस देशात दुसरा नसेल. खराखुरा कारखाना म्हणावा असं आमच्या विभागात एकच होतं: मागच्या खोलीत मी आणि माझ्या विद्यार्थ्यांनी जोडलेलं एक छोटं संयंत्र. त्यात सरकीचं कच्चं, काळपट तेल घातलं की दुसऱ्या टोकाने निर्मळ तेल पडायचं. त्या खोलीवर स्थापत्यवाल्यांचा डोळा होता. त्यांना तिथे सिमेंटचे ठोकळे फोडायचे होते. आमच्या विभागप्रमुखांनी मला शांतपणे सांगितलं, "एखादी गिरणी शोधा. तिने तेल दिलं, खर्चात वाटा उचलला, तर खोली तुमची. नाहीतर सत्र संपताच ठोकळे."

अशी गिरणी मिळाली ती यवतमाळ जिल्ह्यात. पांढरकवड्याच्या एका सहकारी जिनिंगकडे कापसातून निघालेल्या सरकीचे डोंगर पडलेले असायचे आणि ते सगळे म्हशींच्या पोटात जायचे. अध्यक्षांचा निरोप आला: तेल घेऊन या, आमच्या डायरेक्टरांची बैठक केळापूरला आहे, तिथेच काय ते होऊन जाईल.

यवतमाळ

मुंबई ते मूर्तिजापूर हा प्रवास तुम्ही मनानेच करा, मलाही तो नीटसा आठवत नाही. तिथून यवतमाळला जी छोटी गाडी जाते तिच्याबद्दल मात्र सांगायला हवं. ही गाडी स्वभावाने माणसाळलेली आहे. तुरीच्या शेतात शेंगा दिसल्या की माणसं उतरून तोडून आणतात आणि गाडीला त्याचा राग येत नाही.

माझे डबे बाकाखाली होते. समोर मुंडासंवाले एक आजोबा बसले होते. त्यांनी विचारलं, "त्यात काय हाय?"

"तेल."

त्यांनी वाकून हुंगलं. शेजाऱ्याला हुंगायला लावलं. मग सगळ्या बाकाने हुंगलं. माझ्याजवळ नमुन्याची एक बाटली होती. ती मी दाखवली. ऐटीत, उजेडासमोर धरून. आजोबांनी बोटावर थोडं घेतलं, डोक्यावर चोळलं आणि बराच वेळ वाट पाहिली.

"डोक्याले कळूनच नाही राह्यलं," ते म्हणाले. "मुंबईचं पानी असन."

त्या तेलाला वास नाही हेच माझं विलायतेतलं काम, हे मी त्यांना समजावून सांगितलं. सगळ्यांनी फार सहानुभूतीने ऐकलं. उतरताना एका बाईने मला तुरीच्या शेंगा दिल्या.

यवतमाळला मला घ्यायला हिरामण राठोड आले होते. संस्थेच्या डायरेक्टरांपैकी हे सर्वांत तरुण, खांद्यावर रुमाल, कानात बाळी. ते एका तांड्यावर राहतात आणि कापूस पिकवतात. पण त्यांचे आजोबा-पणजोबा बैलांच्या पाठीवर मीठ, धान्य, तेल लादून मुलखोमुलखी फिरायचे. त्यांनी दोन्ही डबे असे उचलले की जणू रिकामे होते.

"माल वाहनं आमच्या रक्तात हाय, साहेब," ते म्हणाले. मग एक डबा नाकाजवळ नेला आणि जरा थबकले. "पन असा माल आमच्या सात पिढ्याईत कोनी वाह्यला नसन. अंधारात चोरी गेला तर सापडन कसा?"

रात्री त्यांच्या घरी जेवलो. ज्वारीची भाकर, अंबाडीची भाजी आणि एक रस्सा, ज्याचा रंग पाहून मी विचारलं की तिखट आहे का. हिरामणरावांच्या आईने त्यांच्या बोलीत काहीतरी म्हटलं आणि सगळे हसले. मी अर्थ विचारला.

"याडी म्हनते," हिरामणरावांनी सांगितलं, "पोरांसाठी केला होता, तोच वाढला."

आमच्याकडे पाहुण्याला आग्रह करून जास्त वाढतात. इथे पाहुणा घाम पुसायला लागला की त्याचं जेवण सुरू झालं असं समजतात.

पांढरकवडा

आधी एक घोळ मिटवतो. तालुक्याचं नाव केळापूर, पण कचेरी, बाजार, जिनिंग, सगळं पांढरकवड्याला. केळापूर बाजूला नुसतं नाव सांभाळत बसलं आहे, घरातल्या एखाद्या वडीलधाऱ्यासारखं. कागदावर सगळं त्याचं, किल्ल्या दुसऱ्याकडे.

कापसाचे दिवस होते. जिनिंगच्या फाटकापासून रस्त्यावर दूरवर गाड्या उभ्या होत्या, बैल सोडलेले, गाडीवान गाडीखाली गप्पा मारत बसलेले. आत हवेत कापसाचा भुगा असा उडत होता की प्रत्येकाच्या भुवया पांढऱ्या. मी आत गेलो तेव्हा प्राध्यापक होतो, बाहेर आलो तेव्हा आजोबा.

अध्यक्ष भाऊसाहेब हे गोल, हसरे आणि कमालीचे सावध गृहस्थ. माझं सगळं बोलणं त्यांनी मान डोलावून ऐकलं.

"डॉक्टरसाहेब, मले पटलं. पन मी एकटा पटून काय उपयोग? आमच्या संस्थेत उपाशीपोटी कोनी सही करत नाही. मोठं काम असलं का केळापूरले पंगत होते. डायरेक्टर जेवतात, हमाल जेवतात, मंग हात धुतल्यावर ठराव. अन् तेलाचा ठराव तेल खाल्ल्याबिगर कसा होईन?"

"उत्तम," मी म्हणालो. "माझ्याच तेलात करा स्वयंपाक."

"तेच ना. फक्त दादासाहेब देशमुखाईचं काय करा?"

दादासाहेब देशमुख हे सर्वांत वजनदार डायरेक्टर, दोन्ही अर्थांनी. जवसाच्या तेलाचा गावातला घाणा त्यांचा. ते जे म्हणतील त्याला बाकीचे मान डोलावत. ते संध्याकाळी भेटायला आले, पांढरं धोतर, पांढऱ्या मिशा, आणि अशा मिशांना शोभेल असं नाक.

"सरकी म्हशीची," ते बसण्याआधीच म्हणाले. "म्हशीचं खानं मानसानं कायले खावं?"

"म्हैस सरकी खाते आणि आपण तिचं दूध पितो, दादासाहेब. मी मधली म्हैस काढून टाकली, एवढंच."

भाऊसाहेब खोकले. हिरामणरावांनी रुमालात तोंड घातलं. दादासाहेब हसले नाहीत. "सरकीचा वास मले लांबून येते. तुमी कितीबी उकळा. पंगतीत पाहू. मले वास आला तर माही सही नाही, अन् माही नाही तर कोनाचीच नाही."

हे खरंच होतं, असं भाऊसाहेबांच्या चेहऱ्यावरून दिसलं. म्हणजे माझं संयंत्र, माझी खोली आणि पुढची सगळी वर्षं आता एका नाकावर अवलंबून होती. मला मात्र आतून गुदगुल्या होत होत्या. नाकाला हरवण्यातच तर मी डॉक्टर झालो होतो.

केळापूर

पंगतीचा स्वयंपाक मैनाबाईंच्या हातात असतो. साठीच्या, शिडशिडीत, पदर कमरेला खोचलेल्या. संस्थेची एकही पंगत त्यांच्याशिवाय झालेली नाही आणि अध्यक्षही त्यांना घाबरून असतात. केळापूरच्या देवीच्या देवळापलीकडे, चिंचेखाली चुली मांडणं चाललं होतं. मी डबे त्यांच्या ताब्यात दिले, ते पंगतीच्या आदल्या दिवशी दुपारीच. एक त्यांनी माझ्यासमोर उघडला. वास घेतला. बोट बुडवून चाटलं. मग माझ्याकडे पाहिलं, मी लहानपणी आजारी असताना डॉक्टर आईकडे पाहायचे तसं.

"वास काढला, रंग काढला," त्या म्हणाल्या. "यातलं तेल तरी ठेवलं का बाप्पा?"

"तुम्ही फोडणी करून पाहा."

"पायतो ना. आज घरी करून पायतो. उद्याचं उद्या."

दुसऱ्या दिवशी पंगत बसली. दोन रांगा समोरासमोर: एकीकडे डायरेक्टर आणि मी, दुसरीकडे जिनिंगचे हमाल आणि गाडीवान. संस्थेचे सचिव वानखडे गुरुजी माझ्या शेजारी बसले, सडपातळ, इस्त्रीचा सदरा, खिशाला पेन. त्यांच्या घराने काही वर्षांपूर्वी बौद्ध धर्म घेतला. ते देवळाकडे वळलेही नाहीत. मला म्हणाले, "मी देवीसाठी नाही येत, ठरावासाठी येतो. पूर्वी आमची रांग चिंचेच्याही पलीकडे बसायची. आता अध्यक्षांच्या मांडीला मांडी." मग दादासाहेबांकडे बघून हळूच म्हणाले, "काही लोकाईले याचाबी वास येते."

जेवण होतं गोळाभात. आमच्याकडे हा प्रकार नाही आणि ही मुंबईची मोठी उणीव आहे. भरडलेल्या डाळींचे तिखट गोळे करून ते भातातच वाफवतात. पानात भात आणि गोळा आला की गोळा कुस्करायचा, मध्ये आळं करायचं आणि थांबायचं. मग वाढणारी येते, हातात गंज, म्हणजे उभट पातेलं, गंजात पळी, पळीत लसूण आणि लाल मिरची तळलेलं गरम फोडणीचं तेल. ते आळ्यात ओततात. म्हणजे इथे तेल हे स्वयंपाकाचं साधन नाही, तेल हाच पदार्थ आहे. परीक्षेला याहून कडक पेपर कोण काढणार? पानात जवसाची चटणी होतीच; ती वऱ्हाडात पानात नसली तर माणसं आजारपणाची चौकशी करतात.

वाढण्याआधी मला बोलायला सांगितलं. मी उभा राहिलो आणि, आता लपवून काय उपयोग, रंगात आलो. हात पसरून सांगितलं की मंडळी, आता तुमच्या पानात जे तेल पडेल त्याची सरकी तुमची, पण वास मुंबईच्या हवेत सोडून दिलेला आहे. टाळ्या पडल्या. मैनाबाई आल्या, आमच्या रांगेत पळीपळीने तेल ओतत गेल्या. मग गंज बदलून समोरच्या रांगेकडे वळल्या.

मी पहिला घास घेतला आणि थांबलो.

तेलाला वास होता.

आधी वाटलं, चटणीचा असेल. चटणी दूर सारली आणि पानाच्या कडेचा तेलात भिजलेला नुसता भात खाल्ला. शंकाच नाही. जवस, घाण्याचं, खमंग, दादासाहेबांचं स्वतःचं. मी मान वर केली. मैनाबाई समोरच्या रांगेत वाकून वाढत होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि पदर नीट केला.

मी बोलायला तोंड उघडणार, तोच दादासाहेबांनी पान पुढे ढकललं.

"आला," ते म्हणाले. "वास आला. गव्हाणीत तोंड घातल्यासारखं वाटून राह्यलं. भाऊसाहेब, हे मानसाचं तेल नाही."

आता माझी अवस्था बघा. समोर एक माणूस स्वतःच्याच घाण्याचं तेल म्हशीचं म्हणून नाकारतो आहे, आणि ते माझ्याखेरीज एकाच बाईला ठाऊक आहे. मी हसू दाबायला मिरची चावली. डोळ्यांत पाणी आलं ते पाहून भाऊसाहेबांना वाटलं मी रडतो आहे. त्यांनी माझ्या पाठीवरून हात फिरवला. त्याने हसू आणखी वाढलं. पण हसण्याच्या तळाशी गार भीतीही होती. मी खरं सांगितलं असतं तर कोण मानणार? आपलं तेल हरलं म्हणून मुंबईवाला खापर घाण्यावर फोडतो, असंच म्हटलं असतं. एकेक डायरेक्टर आपलं पान दूर सारू लागला. मागच्या खोलीत सिमेंटचे ठोकळे येऊन बसल्याचं मला स्वच्छ दिसलं.

दादासाहेब उठले. "मैना, मले तिकडं वाढ. त्याईले तर जवसाचंच वाढलं ना?"

"त्याईले मी खातो तेच वाढलं, साहेब. या, बसा."

ते समोरच्या रांगेत बसले. हमालांनी सरकून जागा केली. नवं पान आलं, भात आला, गोळा आला, मैनाबाईंनी पळी ओतली. दादासाहेबांनी घास घेतला, डोळे मिटले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "हे घ्या. याले म्हनतात तेल."

"अजून वाढू?"

"वाढ ना, कायले विचारतं?"

त्यांनी आणखी घेतलं. पुन्हा घेतलं. शेजारच्या हमालाला तेलावर व्याख्यान दिलं: घाण्याचा बैल, लाकूड, सावकाश फिरणं, त्याने कसा गुण येतो. हमाल बिचारा हो-हो करत होता. मैनाबाईंनी त्यांना पोटभर जेवू दिलं, पाणी दिलं. ढेकर येऊ दिली. मग गंज खाली ठेवून कमरेवर हात ठेवले.

"साहेब, तुमी आता जे खाल्लं ते या मुंबईच्या साहेबाचं. तिकडं ज्याले गव्हान म्हनलं ते तुमच्या घान्याचं."

मी आयुष्यात अनेक प्रयोगशाळांत उभा राहिलो आहे, पण इतकी निर्वात शांतता कुठे अनुभवली नाही.

"मैनाबाई," भाऊसाहेब कसेबसे म्हणाले, "असं काहून केलं वं?"

"मंग काय करू? काल घरी करून खाल्लं. चांगलं लागलं, पोटाले काई झालं नाही. म्हनून आज माह्या लोकाईले वाढलं. तुमा सायबलोकाईचं पोट नाजूक, तुमाले नेहमीचंच बरं. अन् या साहेबानं भाषनात सांगतलंच व्हतं का हे त्याचं तेल हाय. तुमी मानलं. मंग त्यात उगाच त्याचं तेल कायले खर्च करू?"

पहिले हसले ते हिरामणराव. मग हमालांची रांग, आणि ती हसते आहे असं पाहून डायरेक्टरांची. दादासाहेब बसले तिथेच बसून होते, हात पानात. वानखडे गुरुजींनी खिशातून पेन काढलं आणि अगदी गंभीर आवाजात विचारलं, "इतिवृत्तात काय लिहू? सन्माननीय सदस्यांनी स्वतःच्या तेलाचा निषेध केला, असं?"

मला वाटलं आता संपलं. माणूस हरला की तो उठून जातो, आणि दादासाहेब उठले असते तर त्यांच्यामागे निम्मी रांग उठली असती. ते उठले नाहीत. मिशा पुसल्या. माझ्याकडे वळले.

"डॉक्टर," ते म्हणाले, "तुमी वास काढता. टाकता येते का?"

"म्हणजे?"

"हे तेल खायाले चांगलं हाय. मी खोटं बोलत नसतो, तीनदा घेतलं. पन बाजारात याले हुंगल्याबिगर कोन घेईन? गाडीत तरी कोनी तेल मानलं का?" ही बातमी माझ्याआधी पोचली होती. "वास पायजे. अन् वास माह्या घान्यात हाय. डब्यामागं थोडं माहं जवस टाका. वास माह्याकडूनच घ्यायचा, हे लिहून द्या. सही करतो."

मी तीन वर्षं कुडकुडत जे बाहेर काढायला शिकलो, ते हा गृहस्थ मला पुन्हा आत घालायला सांगत होता. माझे विलायतेतले गुरुजी तिथे असते तर चिंचेला टेकून बसले असते. मी हिरामणरावांकडे पाहिलं. ते म्हणाले, "घ्या साहेब. आता अंधारातबी सापडन."

मी हो म्हणालो. हात धुतले गेले. गुरुजींनी ठराव वाचला. सरकीचं कच्चं तेल काढून संस्था देणार, संयंत्राच्या खर्चात वाटा उचलणार, आणि वास दादासाहेब देशमुखांच्या घाण्यातून येणार. सगळ्यांत आधी सही दादासाहेबांनी केली, ठसठशीत.

परत

खोली आमचीच राहिली. संयंत्राच्या शेवटी आता एक लहान पिंप आहे. वास घालवणाऱ्या भांड्याच्या लगेच पुढे. विभागप्रमुख आले तेव्हा त्यांनी विचारलं की हे कशासाठी. मी म्हणालो, वास घालण्यासाठी. त्यांनी एकदा त्या भांड्याकडे आणि एकदा पिंपाकडे बघितलं आणि निघून गेले. विद्यार्थ्यांना मात्र ते फार आवडतं; परीक्षेत संयंत्राची आकृती काढायला सांगितली की ते कोणी विसरत नाही.

पण मला तुम्हाला सांगायचं आहे ते परतीच्या गाडीचं. निघताना मैनाबाईंनी माझा रिकामा डबा घाण्याच्या तेलाने भरून परत दिला. "घरच्या बाईले द्या," एवढंच म्हणाल्या. तो मी बाकाखाली सरकवला. डबा घट्ट बंद होता, तरी गाडी पहिल्या स्टेशनाला थांबायच्या आत समोरच्या बाईने मान वळवली, तिच्या नवऱ्याने वळवली, मग सगळ्या बाकाने. कोपऱ्यातून एक मुंडासं उठलं. तेच आजोबा.

ते वाकले, डोळे मिटून हुंगलं आणि माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"शिकून आले म्हना की तुमी," ते म्हणाले, आणि डोकं पुढे केलं.